अडखळत बोलणाऱ्या भाच्याला जेम्स अर्ल जोन्सचं काय काय दाखवू?

रानजाई:
मंडळी, मदत हवीये. माझा भाचा आठवीत आहे, लहानपणापासून बोलताना अडखळतो. 'क' आला की गाडी अडलीच. मागच्या रविवारी त्याला खायला घेऊन गेले, त्याला कटलेट हवं होतं हे मला पक्कं माहीत होतं, काउंटरशी गेला, ओठ घट्ट झाले, मागे दोघं-तिघं खोळंबलेले, आणि म्हणाला "वडा". मग तो वडा गुपचूप खाल्ला. मीही काही बोलले नाही, घरी आल्यावर मात्र रडू आलं.
'द लायन किंग' त्याला इंग्रजीतून तोंडपाठ आहे, त्यातला सिंहराजा मुफासा म्हणजे जीव की प्राण. मला परवाच कळलं की तो आवाज ज्यांचा ते अमेरिकन नट जेम्स अर्ल जोन्स स्वतःच लहानपणी अडखळायचे आणि कित्येक वर्षं जवळजवळ गप्पच होते. त्यांचं अजून काय दाखवू, कुठून सुरू करू? "बघ त्याला जमलं, तुलाही जमेल" हे टुमणं मात्र नको, ते घरात आजीपासून सगळे लावतात.

तिसरी_घंटा:
आधी सिनेमा नको, गोष्ट सांगा. १९३१ चा जन्म, मिसिसिपीतलं आर्काबटला गाव. आजी-आजोबांनी वाढवलं, पाचेक वर्षांचा असताना मिशिगनला शेतावर घेऊन गेले आणि तिथे अडखळणं इतकं वाढलं की आठेक वर्षं पोरगा शाळेत बोललाच नाही म्हणा ना, गोठ्यातल्या जनावरांशी काय तो बोलायचा. पुढे हायस्कूलला डोनाल्ड क्राउच नावाचे मास्तर भेटले. त्यांना कळलं की हा कविता करतो. एक कविता ग्रेपफ्रूटवर होती (आपल्या पपनसाचा भाऊबंद). मास्तर म्हणाले, इतकी चांगली आहे की तुझी वाटत नाही, तुझीच असेल तर कागद न बघता वर्गापुढे म्हणून दाखव. पोरगा उभा राहिला आणि एकदाही न अडकता पूर्ण म्हटली! ठरलेले शब्द, ठरलेली लय, त्यात जीभ मोकळी झाली. तुमच्या भाच्याला मुफासा पाठ आहे ना? तो मुफासा म्हणताना अडखळतो का, बघा एकदा.

रानजाई:
नाही अडखळत!! अंगावर काटा आला हे लिहिताना. आमच्या लक्षातच आलं नव्हतं कधी.

ओली_पायवाट:
माझी मुलगी अडखळते, म्हणून अगदी मनापासून लिहितेय. आम्ही त्यांच्या 'सेसमी स्ट्रीट'च्या (अमेरिकेतला लहान मुलांचा टीव्ही कार्यक्रम) क्लिपने सुरुवात केली. कार्यक्रम १९६९ चा, अगदी सुरुवातीचा काळ. जोन्स कॅमेऱ्यात रोखून बघत इंग्रजी मुळाक्षरं म्हणतात, बाकी काहीच नाही. अक्षर दिसतं, ते थांबतात, भरपूर थांबतात, आणि मग ए. परत थांबतात. कार्यक्रमवाल्यांनी मुलांना दाखवून पाहिलं तर पहिल्यांदा मुलं त्यांच्या मागून अक्षर म्हणायची, मग त्यांच्याबरोबर, आणि पुन्हा पुन्हा बघितल्यावर त्यांच्या आधीच. त्या थांबण्यामुळेच हे झालं. आमच्या घरी थांबणं म्हणजे काहीतरी चुकलं असंच वातावरण होतं, लगेच कुणीतरी तिचं वाक्य पुरं करून टाकायचं.
आणि एक विनंती, "ते बरे झाले" असं सांगू नका. ते स्वतः तसं कधी म्हणायचे नाहीत, शेवटपर्यंत ते अडखळणं सांभाळूनच काम केलं त्यांनी.

जर्सीवाला:
वरच्याला जोरदार अनुमोदन. 'स्टार वॉर्स' दाखवालच, पण तेव्हा हेही सांगा की त्यातल्या डार्थ व्हेडर या खलनायकाच्या पोशाखात डेव्हिड प्राउस होते, जोन्सचा फक्त आवाज, आणि पहिल्या दोन चित्रपटांच्या श्रेयनामावलीत त्यांचं नावच नव्हतं, त्यांनीच नको म्हटलं होतं. मॅनहॅटनला ४८ व्या रस्त्यावरचं जुनं कॉर्ट थिएटर २०२२ पासून त्यांच्या नावाने आहे, समोरून जाताना मी दर वेळी मान वर करून पाटी वाचतो. २०२४ च्या सप्टेंबरात गेले, ९३ वर्षांचे होते.

रानजाई:
@तिसरी_घंटा, नाटकातलं काही बघायला मिळेल का?

तिसरी_घंटा:
खरा माणूस तिथेच दिसतो! १९७३ ला न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कात केलेल्या 'किंग लिअर'चं चित्रीकरण आहे, पण आठवीच्या मुलाला पूर्ण नको, वादळाचा प्रवेश तेवढा दाखवा. 'द ग्रेट व्हाइट होप' या नाटकासाठी १९६९ ला टोनी (अमेरिकेतलं रंगभूमीचं मोठं पारितोषिक) मिळालं, काळ्या बॉक्सरची भूमिका, १९७० चा चित्रपटही त्यांचाच, तो मात्र तीन-चार वर्षांनी, फार जड आहे. 'फेन्सेस' नाटकासाठी १९८७ ला दुसरं टोनी. इथे एक घोटाळा होतो, २०१६ चा 'फेन्सेस' चित्रपट डेन्झेल वॉशिंग्टनचा आहे, त्यात जोन्सना शोधू नका.

रानजाई:
काल क्लिप दाखवली. पहिल्यांदा बघून म्हणाला, "मावशी, हा मुद्दाम थांबलाय का अडकलाय?" मला उत्तर देता आलं नाही. मग त्यानेच परत लावली, परत लावली, चौथ्यांदा 'के' यायच्या आधी स्वतःच म्हणाला, मोठ्याने. मी स्वयंपाकघरातून ऐकलं, बाहेर आले नाही.
शनिवारी त्यांचा 'फील्ड ऑफ ड्रीम्स' हा चित्रपट लावायचा विचार आहे. बेसबॉल आम्हाला दोघांनाही ओ का ठो कळत नाही, चालेल का?

ओली_पायवाट:
चालेल, आम्हालाही कळत नव्हतं. त्यात जोन्स एका लेखकाचं काम करतात, लिहिणं सोडून घरात दार लावून बसलेला, त्याला बाहेर काढायला हिरो येतो. शेवटी मैदानाशी उभं राहून ते बेसबॉलबद्दल जे काही बोलतात ना, तिथे सबटायटल बंद करा आणि फक्त ऐका.