इब्न बतूताच्या तारखा का जुळत नाहीत?

चौदाव्या शतकातला मोरोक्कन प्रवासी इब्न बतूता याच्या प्रवासवर्णनातल्या तारखा एकमेकींशी जुळत नाहीत. पण या गोंधळामुळे त्याचा अख्खा प्रवासच खोटा ठरवणं मला घाईचं वाटतं. आधी ग्रंथ कसा तयार झाला ते बघा. १३२५ मध्ये टँजिअर सोडलेल्या या माणसाने जवळजवळ तीस वर्षांनी, मोरोक्कोचा मरिनी घराण्यातला सुलतान अबू इनान याच्या हुकुमावरून, फेज शहरात आठवणी सांगितल्या. इब्न जुझय्य या लेखकाने त्या लिहून, सजवून काढल्या. मजकूर १३५५ च्या डिसेंबरात पुरा झाला. बुखाऱ्यातल्या कबरींवरून उतरवलेली टिपणं तर समुद्रावरच्या लुटीत गेली होती, असं इब्न बतूता स्वतःच सांगतो.

शिवाय मक्का, मदिना, दमास्कसची बरीच वर्णनं इब्न जुबैर या आधीच्या प्रवाशाच्या बाराव्या शतकातल्या प्रवासवर्णनातून उचललेली आहेत. ती चौदाव्या शतकाचा पुरावा म्हणून वापरली की गफलत होतेच.

ग्रंथातल्या तारखा हिजरी सनात आहेत. त्या इसवी सनात आणताना सरळ ६२२ मिळवू नका. चांद्र वर्ष सुमारे ३५४ दिवसांचं. म्हणून हिजरी आकड्याला ३३ ने भागा, भागाकार मूळ आकड्यातून वजा करा, मग ६२२ मिळवा. ७२५ मधून २२ गेले, ७०३. अधिक ६२२, १३२५. एखाद्या वर्षाचा फरक पडू शकतो, त्यामुळे महिनाही तपासा.

आपल्यासाठी मोलाचा भाग नंदुरबारचा. तिथल्या मराठ्यांच्या जेवणात तो भात, भाज्या आणि तिळाचं तेल नोंदवतो. हे कुणाच्या ग्रंथातून उसनं घेतलेलं नाही, म्हणूनच मी त्यावर जास्त विश्वास ठेवते.