जनावरांचे डोळे आणि कान: तुमच्या गोठ्यातले अनुभव सांगा

सडाला जरा गाठ लागली की आपल्या कोल्हापूर जिल्ह्यातला कुठलाही दूधवाला दुपारच्या आत डॉक्टरला फोन लावतो. संस्थेत दूध घालायचं असतं, फॅटवर पैसे असतात. त्याच म्हशीच्या डोळ्याला आठवडाभर पाणी येत असेल तर "माशी बसली असंल" म्हणून विषय संपतो. कानात तर नंबराचा बिल्ला मारायला माणूस येतो तेव्हाच काय ते बघणं होतं. पावसाळा तोंडावर आहे, माशा-गोचीड वाढायचे दिवस. म्हणून विचारतोय: डोळ्या-कानाचं रोजचं काय करता, काय अजिबात करत नाही, आणि कधी काही झालं असेल तर नेमकं काय घडलं? औषधांची नावं लिहा, डोस मात्र ज्याच्या त्याच्या डॉक्टरला विचारूया.

माझं सांगतो. धारेला बसण्याआधी मी दावणीच्या पुढून एक चक्कर मारतो. जनावर पेंडीत तोंड घालून असतं, तेवढ्यात दोन्ही डोळे सारखे उघडे आहेत का, एखाद्या डोळ्याखाली गालावर ओला ओघळ आहे का, ते बघायचं. मग कान बुडापासून टोकापर्यंत मुठीतून ओढायचा, आतली बाजू अंगठ्यानं उलटी करायची. अधूनमधून खालची पापणी ओढून बघतो. आतलं कातडं गुलाबी पाहिजे. पांढरं फटक पडलं असेल तर जंत नाहीतर गोचीड रक्त पितायत, पिवळट असेल तर लगेच दवाखाना. याला पैसे पडत नाहीत आणि वेळही फारसा जात नाही.

शिरोळ तालुका, तीन एचएफ गाई

आमच्याकडं गळीत हंगामात वैरण म्हणजे वाडं, उसाच्या शेंड्याचा हिरवा पाला. वाड्याच्या पात्याची कड माणसाचा हात चिरते, मग बुबुळाचं काय होत असेल! गेल्या हंगामात एका गाईनं भाऱ्यात तोंड घातलं आणि दुसऱ्या दिवशी सकाळी डावा डोळा घट्ट मिटलेला. पाणी चाललेलं, उन्हात काढली की मान फिरवायची. पुढं बुबुळावर पांढरा ठिपका आला. आमच्या भाषेत फूल पडलं.

मग सल्ले सुरू झाले. आमचे चुलते म्हणाले मीठ चावून डोळ्यात फुंकर मार. शेजारचे आण्णा तंबाखूची पिंक टाकायला तयारच होते. आईनं दोघांनाही गोठ्याबाहेर काढलं. डॉक्टर आले, त्यांनी एक केशरी कागदी पट्टी ओली करून डोळ्याला लावली आणि पाणी मारून धुतलं. बुबुळावर जिथं ओरखडा होता तिथं हिरवी रेघ चमकली. मला आतापर्यंत असं काही असतं हे माहीतच नव्हतं. अँटिबायोटिक मलम दिलं आणि बजावलं, घरात उरलेली कुठलीही जुनी ट्यूब घालू नका. त्यात स्टेरॉईड असेल तर ही जखम आत खोल जाते, डोळा फुटूही शकतो. गाय अंधाऱ्या कोपऱ्यात बांधली. डाग अजून आहे बारीकसा, पण दिसतं तिला.

आता वाडं कुट्टी केल्याशिवाय घालत नाही. वीज नसली तर भारा सोडून खाली पसरून घालतो, उंच गव्हाणीत रचून नाही.

पशुवैद्यक, हातकणंगले परिसर

वरच्या अनुभवात जी पट्टी आहे ती फ्लुरोसिनची, म्हणजे ओरखडा दाखवणाऱ्या रंगाची. प्रत्येक पांढऱ्या डोळ्याला ओरखडा कारण नसतो. एका जनावरानंतर दुसऱ्याच्या, मग तिसऱ्याच्या डोळ्याला पाणी यायला लागलं तर तो संसर्ग समजा. मोराक्सेला बोव्हिस नावाचा जिवाणू असतो, माशा तो एका डोळ्यातून दुसऱ्या डोळ्यात नेतात. धूळ आणि कडक ऊन त्याला मदत करतात. वासरं-कालवडींना जास्त त्रास होतो. यावर ऑक्सिटेट्रासायक्लिनसारखी औषधं लागू पडतात, पण लवकर दिली तर.

डॉक्टर येईपर्यंत घरी एकच गोष्ट करा. पाणी उकळून गार करा, लिटरला 9 ग्रॅम मीठ टाका, त्यात कापसाचा बोळा भिजवून नाकाकडच्या कोपऱ्यातून बाहेरच्या दिशेनं पुसा. दोन डोळ्यांना दोन बोळे. मोठी चूक इथंच होते: आजारी म्हशीचा डोळा ज्या फडक्यानं पुसला त्याच फडक्यानं लोक सगळ्या गोठ्याचे डोळे पुसत जातात. आजारी जनावर शेवटी, आणि नंतर स्वतःचे हात.

कानात काडी, हेअरपिन, पिचकारीनं पाणी, काही नको. बाहेरचा जेवढा भाग दिसतो तेवढा ओल्या फडक्यानं पुसून कोरडा करायचा. घाण वास, पू, सारखं डोकं झाडणं, मान एका बाजूला कलणं, यातलं काही दिसलं तर आत दुखणं आहे. त्यावर तेल ओतू नका.

राधानगरी, दोन जर्सी, एक म्हैस, शेळ्या

मी घरची सून, गोठा माझ्याकडंच. आमच्याकडं पाऊस म्हणजे पाऊस, जनावरं महिनोन् महिने आतच. गोचीड बाहेर अंगावर दिसत नाही म्हणून आम्ही निवांत होतो, ती सगळी कानाच्या घडीत आणि शेपटीखाली. जर्सीचं वासरू अचानक दूध पिईना, अंग तापलेलं. सासूबाईंनी कानाखाली हात घातला आणि म्हणाल्या, "अगं इथं लिंबाएवढी गाठ हाय." डॉक्टरांनी त्याच गाठीवरून ओळखलं. गोचीड तापाचं. गोचीड कानात चावली की सगळ्यात आधी कानाखालची गाठ सुजते, मग खांद्यापुढची. वासराचे डोळेही पुढं आल्यासारखे वाटत होते आणि पापणी आतून पांढरी झालेली. त्या आजाराचं ठरलेलं इंजेक्शन असतं, महाग आहे, पण वेळेत मिळालं म्हणून वासरू वाचलं. संकरित गाईंना हा ताप जास्त नडतो असं ते म्हणाले.

आता रोज संध्याकाळी कान बघते. चिमट्यानं कातडीजवळ धरून सरळ ओढायची आणि साबणाच्या पाण्यात टाकायची. चिरडायची नाही, जाळायची नाही, कानावर रॉकेल तर नाहीच. खरं काम मात्र कानात नाही, भिंतीत आहे. रक्त पिऊन फुगलेली मादी खाली पडते आणि भेगेत जाऊन हजारोंनी अंडी घालते. आम्ही दगडी भिंतीच्या सगळ्या फटी लिंपून घेतल्या. तेव्हापासून फरक आहे.

फवारणीचं एक सांगते. आमच्या वाडीत एकानं गोचिडाचं औषध पंपानं तोंडावरच मारलं. म्हशीचे दोन्ही डोळे लाल झाले, लाळ गळायला लागली. डोक्याला आणि कानाला औषध फडक्यानं लावायचं असतं, डोळा आणि तोंड सोडून. आणि सीताफळाच्या बियांची पूड कुणी उवांसाठी सांगितली तर डोक्याकडं नेऊच नका, डोळ्यात गेली तर बुबुळ भाजतं.

कोल्हापूर शहर, पंढरपुरी म्हशी

आमचा पिढ्यान् पिढ्याचा गवळ्याचा धंदा. ग्राहकासमोर धार काढून द्यायची, त्यामुळं म्हैस देखणी आणि शांत लागते. भावांनो, आमचा मोठा सण दिवाळीचा पाडवा. म्हशी धुवायच्या, तेल लावायचं, शिंगं रंगवायची, मोरपिसं बांधायची आणि गाडीमागं पळवायच्या. त्याच्यावर मी काही ऐकून घेणार नाही. पण त्या दिवशी डोळ्याची वाट लागते हे खरं हाय.

पंढरपुरीचं शिंग लांब, पार खांद्याच्या मागं जातं. लोक ऑइलपेंट बुडाकडून टोकाकडं फासतात आणि बुडाशी जादा झालेला रंग ओघळून पापणीवर येतो. आम्ही आधी शिंगाच्या बुडाला फडकं गुंडाळतो आणि ब्रश कोरडाच चालवतो. अंगावरच्या तेलाचंही तसंच, कपाळावर चोळताना हात डोळ्यावरून वर न्यायचा, खाली नाही. गुलाल उधळणाऱ्याला मी म्हशीच्या तोंडासमोर उभंच करत नाही. गाडीचा सायलेन्सर काढलेला असतो, त्या आवाजाला म्हैस सरावते म्हणतात, पण पहिलारू म्हशीला मी दोन वर्षं तरी मागंच ठेवतो. कान मागं चिकटवून, डोळ्याचं पांढरं दाखवत असेल तर तिला ते सोसत नाही.

कागल, खिलार बैलजोडी

बैलाला कोण विचारतंय आता! कारखान्याच्या तळावर धूळ, धूर, रात्रीच्या हेडलाइट, उसाच्या मोळ्या. सकाळी बैलाच्या डोळ्याच्या कोपऱ्यात काळी चिपडं असतात. आमचे आबा जू ठेवायच्या आधी ओल्या फडक्यानं दोन्ही डोळे पुसायचे, मीही तेच करतो. म्होरकी (तोंडावरची दोरी) नव्यानं विणली की गालावरची गाठ डोळ्याखाली येते का ते बघा. दोरीची सैल शेव बुबुळाला घासत राहते आणि आपण माशीला शिव्या देत बसतो.

भुदरगड, चार म्हशी

डोळ्यात किडा बघितलाय का कुणी? आमच्या म्हशीच्या एकाच डोळ्याला पाणी येत होतं, मलम घालून उतार पडेना. डॉक्टरांनी सुन्न करायचे थेंब टाकले आणि नाकाकडच्या कोपऱ्यातली तिसरी पापणी चिमट्यानं उचलली. खाली पांढरा दोऱ्यासारखा, बोटाच्या पेराएवढा किडा वळवळत होता. दोन निघाले. थेलाझिया म्हणाले. माशी डोळ्याचं पाणी चाटायला बसते तेव्हा त्याची अळी सोडून जाते. नंतर जंताचं इंजेक्शन दिलं. पोरं तो किडा बाटलीत घालून शाळेत घेऊन गेली, मास्तरांनी परत पाठवला.

शेणाचा उकिरडा गोठ्याला लागून होता, तो लांब नेला. संध्याकाळी कडुलिंबाचा धूर करतो, पण दार उघडं ठेवून. बंद गोठ्यात धूर कोंडला तर माशी जाते आणि जनावराचेच डोळे झोंबतात.

हातकणंगले, दुधाचा व्यवसाय

बिल्ल्याबद्दल कुणी लिहिलं नाही म्हणून लिहितो. बारा आकडी पिवळा बिल्ला लागतोच, लसीकरण, खरेदी-विक्री सगळं त्यावर. मारताना माझ्या कालवडीला घाईत कानाच्या अगदी कडेला मारला. दावणीच्या तारेत अडकून कान फाटला, आणि पावसाळ्यातली जखम म्हटल्यावर अळ्या पडल्याच. बिल्ला कानाच्या मध्यात, दोन कुर्च्यांच्या (कानातल्या कडक पट्ट्यांच्या) मधल्या मऊ जागेत, शीर टाळून बसला पाहिजे. आता मी स्वतः कान धरून उभा राहतो आणि जागा दाखवतो. सुई आधी जंतुनाशकात बुडवायला लावतो. समोरचा वैतागला तरी चालेल. पुढचे काही दिवस भोक बघायचं, सूज-ओल दिसली की मलम. आणि 2022 ला लंपी (अंगावर गाठी येणारा आजार) आला तेव्हा हाच बिल्ला कुठल्या जनावराला लस झाली ते सांगायला कामी आला, तेही खरं. त्या साथीत आमच्या एका गाईच्या पापणीवर गाठी येऊन डोळा चिकटला होता, मिठाच्या पाण्यानं रोज सोडवायला लागायचा.

पन्हाळा

कानावरून ताप कळतो हे सगळे लिहितील. थंड कानाबद्दल लिहा ना कुणीतरी. व्यायलेल्या म्हशीचे कान बर्फागत गार, मान कुशीकडं वळवून बसलेली, उठेना. आम्हाला वाटलं थंडी वाजतीय, पोतं टाकलं.

पशुवैद्यक, हातकणंगले परिसर

तो दुग्धज्वर. नावात ज्वर असला तरी अंग गार पडतं, कारण रक्तातलं कॅल्शियम एकदम घसरतं. व्याल्यानंतर पहिल्या दोन-तीन दिवसांत, विशेषतः जास्त दुधाच्या जनावराला. शिरेतून कॅल्शियम मिळालं की बहुतेक जनावरं काही वेळात उठतात, पण ते डॉक्टरनंच हळूहळू द्यायचं, भराभर गेलं तर हृदय बंद पडतं. आपल्याकडं याचा वाड्याशीही संबंध आहे. वाड्यात ऑक्झलेट असतं, ते चाऱ्यातलं कॅल्शियम बांधून ठेवतं. नुसत्या वाड्यावर असलेल्या गाभण म्हशीला खनिज मिश्रण आणि दुसरी हिरवी वैरण पाहिजेच. व्यायच्या आठवड्यात धारेला बसताना आधी कानाला हात लावा, मग सडाला.

शिरोळ तालुका, तीन एचएफ गाई

डॉक्टरसाहेब, आमच्या एका गाईची खालची पापणी गुलाबी आहे, बाकी काळ्या. त्या पापणीच्या कडेला बारीक चामखिळीसारखं आलंय. ऊन लागून असं होतं का?

पशुवैद्यक, हातकणंगले परिसर

रंग नसलेल्या पापणीला उन्हानं कर्करोगाची गाठ होऊ शकते. बारीक असतानाच कापून काढली तर डोळा वाचतो. प्रत्येक चामखीळ तसली नसते, पण फोटोवरून सांगता येणार नाही. या आठवड्यात कुणाला तरी दाखवा, तोवर दुपारी सावलीत बांधा, आणि दोरा बांधून पाडायचा प्रयत्न करू नका.