बॉन्डवर सुटलेल्या पोट्ट्यानं समुपदेशनात सारंच सांगा लागते का?

आर्वीकडचा मामा
भाच्याले मारामारीच्या केसमंदी दोषी धरलं, पण कोर्टानं जेलात न टाकता दोन वर्षांच्या बॉन्डवर सोडलं. अट अशी का दारूले हात लावायचा नाई आन् व्यसनमुक्ती केंद्रात समुपदेशनाले जायचं. पोट्टा जाते, कुरकुर नाई. पण तिथल्या मॅडमनं फॉर्म देला: दारू कुठून आणत होता, इकली का, अजून कोणाले मारलं का, सारं खरं लिहा. आमचा वर्धा जिल्हा लय वर्षांपासून दारूबंदीचा. यानं एक उन्हाळाभर यवतमाळकडून पेट्या आणून इकल्या, साऱ्या गावाले ठाऊक हाये, पोलिसाले सोडून (असं म्हणा लागते बाप्पा). लिहिलं तं नवी केस, नाई लिहिलं तं ‘सहकार्य करत नाही’ म्हणून जेल. काय करू?

तालुका कोर्टातला वकील
मामा, आधी आदेशाची नक्कल काढा. हजर राहण्याची अट असेल, तर रकाना कोरा ठेवल्यानं ती मोडत नाही असं माझं मत. मोडली असं ठरलं तरी १९५८ च्या प्रोबेशन कायद्यात (दोषीला जेलऐवजी अटींवर, देखरेखीखाली सोडण्याचा कायदा) पहिल्या वेळी पन्नास रुपयांपर्यंत दंडावर भागवायची सोय आहे. मात्र कोर्ट मूळ गुन्ह्याची शिक्षाही देऊ शकतं.

संविधानाचं कलम २०(३) आरोपीला स्वतःविरुद्ध साक्ष द्यायला लावू देत नाही. नंदिनी सत्पथी खटल्यात (१९७८) सुप्रीम कोर्टानं ते पोलीस चौकशीलाही लावलं. पण मॅडम पोलीस नाहीत, आणि घोळ तिथंच आहे. पोलिसापुढची कबुली पुराव्यात चालत नाही, समुपदेशकापुढची चालू शकते. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्यात गोपनीयता आहे, पण तिला अपवादही आहेत.

चंद्रपूरची लॉ स्टुडंट
अमेरिकेत मर्फी नावाच्या माणसाचं हेच झालं. प्रोबेशनवर असताना उपचारात त्यानं १९७४ मधला बलात्कार आणि खून सांगून टाकला. समुपदेशकानं ते प्रोबेशन ऑफिसरला कळवलं, तिनं विचारल्यावर त्यानं पुन्हा कबूल केलं. १९८४ मध्ये तिथलं सुप्रीम कोर्ट म्हणालं, नकार द्यायचा हक्क होता, यानं तो वापरलाच नाही. कबुली पुराव्यात गेली. आपल्यावर हा निकाल बंधनकारक नाही, पण भाच्यानं ‘या प्रश्नाचं उत्तर देत नाही’ असं स्पष्ट म्हणावं.

सुटलेला बेवडा
वकीलसाहेब, लय हुशारी केली तं उपचार बुडते. मी गटात बसून बायकोले मारलं ते बोललो, वावर गहाण टाकलं ते बोललो, रडलो बी. माल कोणाकडून घेतला ते कोणालेच सांगितलं नाई. कोणाचं काही अडलं नाई.

आर्वीकडचा मामा
नक्कल भेटली. ‘समुपदेशनास हजर राहील व सल्ला पाळील’ असं हाये. सल्ल्यात फॉर्म येते का?

तालुका कोर्टातला वकील
माझ्या मते नाही. पण शब्द मोघम आहेत. अट बदलायचा अर्ज प्रोबेशन ऑफिसरमार्फतच कोर्टात जातो, म्हणून आधी त्यांनाच भेटा. मॅडमकडून अहवालात हजेरी आणि दारू सुटली की नाही एवढंच मागावं, अशी विनंती करा. तोवर फॉर्म भरू नका. फाडूही नका.