ब्रेक दाबला की पुढून ‘खट्’: लोअर आर्मचे बुश गेलेत का?

वाशिष्ठीकाठ:

नमस्कार. गाडी स्विफ्ट पेट्रोल, 2013 ची, नव्वद हजार किलोमीटरच्या पुढे गेलेली. घरात गाडी एकच आणि चालवणारी मी एकटीच. सासऱ्यांना दवाखान्यात न्यायला चिपळूण-कऱ्हाड जाणं-येणं असतं, म्हणजे कुंभार्ली घाट जाताना आणि येताना आलाच.

पावसाळा संपल्यापासून पुढून डाव्या बाजूने आवाज येतोय. गाडी वेगात असताना काही नाही. स्पीडब्रेकरवरून हळू उतरवली की ‘खट्’. रिव्हर्स घेऊन ब्रेक दाबला की एकदाच ‘टक्’. घाट उतरताना ब्रेकवर पाय ठेवला की स्टीअरिंग जरासं डावीकडे जातं, पाय काढला की आपोआप सरळ होतं. पुढचा डावा टायर आतल्या कडेने झिजलाय, बोट फिरवलं की कळतं. उजवा ठीक आहे.

एका गॅरेजमध्ये लिफ्टवर उचलून बघितली आणि स्टीअरिंग रॅक (स्टीअरिंग फिरवलं की चाकं वळवणारा भाग) गेली असं सांगितलं. दुसरे म्हणाले लोअर आर्मचे बुश, म्हणजे चाकाला सांगाड्याशी जोडणाऱ्या खालच्या दांड्यातले रबरी सांधे. पार्टच्या दुकानात विचारलं तर म्हणे बुश कशाला, दोन्ही बाजूंचे अख्खे आर्मच टाका. रॅकचा खर्च ऐकून मी थांबलेय.

नक्की काय गेलंय हे कसं ठरवायचं? नुसते बुश बदलावेत की आर्म? आणि तोवर घाटात गाडी न्यावी का?

घाटमाथा:

आधी स्टॅबिलायझरचे लिंक रॉड बघा, म्हणजे गाडी वळताना कलू नये म्हणून असलेल्या आडव्या दांड्याला चाकाकडे जोडणारे छोटे दांडे. हळू वेगात, एका बाजूचं चाक खड्ड्यात गेल्यावर येणारा आवाज बऱ्याचदा तिथूनच येतो आणि पार्ट स्वस्त आहे. गाडी जमिनीवर उभी असताना चाकाच्या मागून हात घालून रॉड हलवायचा. सैल असेल तर हातालाच टकटक लागते. माझ्या गाडीचा आवाज तेवढ्यानेच गेला होता.

सतराचा पाना:

ताई, शेवटच्या प्रश्नापासून सुरू करतो. तपासणी होईपर्यंत घाट नको. सासऱ्यांसाठी तेवढ्यापुरती दुसरी गाडी सांगा. बुश थोडा फाटला म्हणून चाक निखळत नाही. पण त्याच आर्मच्या दुसऱ्या टोकाला, चाकाकडे, बॉल जॉइंट (गोळ्यावर फिरणारा सांधा) असतो आणि तो सैल झाला तरी आवाज असाच येतो. बॉल जॉइंट सुटला तर चाक आडवं पडतं. नुसत्या आवाजावरून या दोन्हींतला फरक ठरवू नये.

मी एसटीच्या विभागीय कार्यशाळेतून निवृत्त झालो. बसचे पाटे (स्प्रिंगच्या पोलादी पट्ट्या), शॅकल, किंगपिन यांतच नोकरी गेली. आता घरच्यांच्या आणि शेजाऱ्यांच्या गाड्या बघतो. म्हणून थोडं सविस्तर लिहितो.

तुमच्या वर्णनात मला सगळ्यात महत्त्वाचं वाटलं ते हे की ब्रेकवर गाडी डावीकडे जाते आणि पाय काढला की सरळ होते. आर्म एल आकाराचा असतो आणि गाडीच्या सांगाड्याकडे त्याला दोन बुश असतात. पुढचा घट्ट, मागचा मोठा आणि मऊ. ब्रेक लागला की रस्ता चाकाला मागे रेटतो आणि तो रेटा सोसण्यात मागच्या बुशचं काम मोठं. त्यातलं रबर धातूपासून सुटलं असेल तर चाक थोडं मागे सरकतं, त्याची दिशा बदलते, ब्रेक सोडला की परत जागेवर येतं. ते पुढे-मागे सरकणं म्हणजेच तुमची ‘टक्’. टायर आतून झिजणंही त्याच्याशी जुळतं. आपल्याकडे डावी बाजू आधी जाते, कारण समोरून ट्रक आला की आपण डावं चाक साइडपट्टीवर उतरवतो आणि डांबराच्या कडेवरून परत वर चढवतो.

एक शक्यता मात्र तपासून काढून टाका. उजव्या कॅलिपरच्या (ब्रेक पॅड डिस्कवर दाबणारा भाग) पिना जाम असल्या तरी ब्रेकवर गाडी डावीकडे ओढते. फक्त त्यात ‘खट्’ होत नाही.

आता तपासणी. लिफ्टवर चाकं लोंबकळत असतात, आर्म खाली ओढलेला असतो, बुश पिळलेला असतो, त्यामुळे त्यातला सैलपणा दबून राहतो. म्हणून बुश बघायला पिट (गाडीखाली उतरायचा खड्डा) असलेलं गॅरेज शोधा, चाकं जमिनीवर आणि माणूस खाली. आर्म आणि सांगाडा यांच्या मध्ये टॉमी (लोखंडी कांब) घालून हलकेच रेटायचं. रबराला वरवर बारीक भेगा असतील तर घाबरू नका, या वयाच्या गाडीत त्या असणारच. रबर आतल्या नळीपासून किंवा बाहेरच्या कड्यापासून सुटलेलं दिसलं, टॉमी दाबल्यावर फट उघडली, की तो बुश गेला. दोन्ही बाजू बघा म्हणजे तुलना करता येते.

बॉल जॉइंटसाठी उलट. चाक उचलून, गाडीखाली घोडी (आधाराचा स्टँड) लावून, घड्याळातल्या 12 आणि 6 च्या जागी धरून हलवायचं, मग टायरखाली पहार घालून वर उचलायचं. दुसऱ्याने जॉइंटवर बोट ठेवायचं. जराही खटका लागला तर तो बाद. रॅकसाठी गाडी जमिनीवर, इंजिन बंद, स्टीअरिंग थोडं थोडं डावी-उजवीकडे हलवायचं आणि एकाने टाय रॉडपाशी (रॅकपासून चाकाकडे जाणारा दांडा) कान द्यायचा. तिथे शांत असेल तर रॅकवर पैसे घालू नका. घाटमाथा यांनी सांगितलेला लिंक रॉडही बघाच, त्याला वेळ लागत नाही.

बुश की आर्म? बॉल जॉइंटमध्ये सैलपणा असेल आणि तो आर्मसोबतच येत असेल, किंवा आर्म वाकलेला असेल, तर आर्म घ्या. जॉइंट घट्ट असेल आणि गॅरेजमध्ये हायड्रॉलिक प्रेस असेल तर चांगल्या कंपनीचे बुश पुरेत. प्रेस नसेल आणि हातोड्याने ठोकून बसवतो म्हणाले तर तिथे बुश बदलू नका, त्यापेक्षा आर्म परवडला. बुश दाबताना जोर फक्त बाहेरच्या कड्यावर आला पाहिजे. आतल्या नळीवर दाबला तर नवीन रबर बसतानाच सुटतं. काही बुशांच्या रबरात मुद्दाम पोकळ्या ठेवलेल्या असतात आणि त्यांची दिशा ठरलेली असते. जुना काढण्याआधी आर्मवर खूण करून घ्यायला सांगा. बाजू मात्र जोडीने करा, एका बाजूला नवीन आणि दुसरीकडे दमलेला असं नको.

आता ज्यासाठी एवढं लिहायला बसलो ते. बोल्ट कसायचे ते गाडीचं वजन चाकांवर असतानाच.

एसटीच्या पाट्यातला धातूचा बुश पिनेवर फिरतो. घासतो म्हणून त्याला ग्रीसचं निप्पल असतं आणि वेळेवर ग्रीस मारावंच लागतं. कारचा रबरी बुश फिरत नाही. त्याची आतली नळी बोल्टने सांगाड्याला जखडलेली, बाहेरचं कडं आर्ममध्ये घट्ट, आणि आर्म वर-खाली होतो तो फक्त मधलं रबर पिळून. बोल्ट कसताना आर्म ज्या कोनात असेल तो त्या रबराचा आरामाचा कोन ठरतो. चाक लोंबकळत असताना बोल्ट आवळले आणि मग गाडी खाली उतरवली, तर उभ्या गाडीतही रबर पिळलेल्या ओल्या कपड्यासारखं ताणात राहतं. खड्डा आला की त्याच्यावर आणखी पीळ. असा बुश थोड्याच दिवसांत फाटतो, आणि मग लोक म्हणतात पार्ट डुप्लिकेट होता. चांगला पार्ट असा वाया जाताना पाहिला की मला फार वाईट वाटतं, कारण त्याला वेळ किती लागतो? पाच मिनिटं.

करायचं असं. काम सुरू करण्याआधी सपाट जागेवर चाकाच्या मध्यापासून वरच्या फेंडरच्या कडेपर्यंतचं अंतर टेपने मोजून लिहून ठेवा. नवीन बुश बसले की बोल्ट नुसते हलके लावायचे. पिट असेल तर गाडी चाकांवर उतरवून, थोडी पुढे-मागे ढकलून, खालून टॉर्क रेंचने (ठरलेल्या जोराने आवळायचा पाना) कसायचे. पिट नसेल तर घोड्या तशाच ठेवून आर्मच्या चाकाकडच्या टोकाखाली जॅक द्यायचा आणि ते मोजलेलं अंतर येईपर्यंत उचलून मग कसायचे. सेल्फ लॉकिंग नट असतील तर नवेच घ्या. टॉर्क किती, ते तुमच्या मॉडेलच्या सर्व्हिस मॅन्युअलप्रमाणे, अंदाजाने नाही.

शेवटी अलाइनमेंट, म्हणजे चाकांचे कोन जुळवणं. आर्म हलला की टो (चाकं आत-बाहेर वळलेली असण्याचा कोन) बदलतो, त्यामुळे ती कसल्यानंतरच करायची, आधी नाही.

पौड रोड:

काकांचा प्रतिसाद जपून ठेवला. पण एवढी खोलाखोल करायचीच आहे तर पॉलीयुरेथेनचे बुश का नकोत? रबरापेक्षा टिकतात, स्टीअरिंगही नेमकं लागतं.

सतराचा पाना:

टिकतात हे खरं. पण ते कडक असतात, रस्त्याची थरथर सीटपर्यंत येते. शिवाय त्यातले बरेचसे आतल्या नळीवर फिरतात, म्हणजे त्यांना ठरलेलं ग्रीस लागतं. ते धुऊन गेलं की करकर सुरू होते. कोकणातल्या पावसात ते कोण सांभाळणार? शर्यतीच्या गाडीला जरूर घाला. आजारी माणसाला घाटातून न्यायच्या गाडीला मऊ रबरच हवं.

ग्रीसवरून आठवलं. सर्व्हिसिंगनंतर गाडीखाली ऑइल किंवा डिझेल फवारायची पद्धत आहे, गंज लागू नये म्हणून. पत्र्याला त्याचा थोडा उपयोग होतो, पण रबर तेलाने फुगतं आणि मऊ पडतं. ताई, तुमच्या गाडीला हे होत असेल तर बंद करायला सांगा. नवीन बुश बसवतानाही तेल नको, साबणाचं पाणी चालतं. जुने बोल्ट गंजून नळीत अडकलेले असणार, त्यांच्यावर आदल्या संध्याकाळी गंज सोडवणारा स्प्रे मारून ठेवला की काम सोपं जातं. हा स्प्रे मात्र मुद्दाम मारायचा, कारण तो बुश तसाही निघणारच आहे.

लेस्टरकर:

इथे ब्रिटनमध्ये गाडी तीन वर्षांची झाली की दरवर्षी एमओटी तपासणी असते आणि तिच्यात पुढचे बुश टॉमी लावूनच बघतात. माझ्या कागदावर एकदा शेरा आला होता: बुश झिजलाय, पण जास्त हालचाल नाही. तेवढ्यावर गाडी पास होते. हालचाल प्रमाणाबाहेर असेल तर नापास. म्हणजे भेगा आणि सैलपणा वेगळे, हे काकांनी सांगितलं तसंच इथेही धरतात.

वाशिष्ठीकाठ:

सगळ्यांचे मनापासून आभार. काका, तुमचा प्रतिसाद छापून गॅरेजमध्येच नेला.

पिट असलेलं गॅरेज बहादूरशेख नाक्याकडे मिळालं. टॉमी लावल्यावर डावीकडच्या मागच्या बुशमध्ये मलाही दिसेल एवढी फट उघडली. रबर अर्ध्याहून जास्त सुटलं होतं. उजवीकडे भेगा होत्या, फट नव्हती. बॉल जॉइंट दोन्ही घट्ट. रॅकमध्ये आवाज नाही. कॅलिपरच्या पिना काढून साफ केल्या, उजवीकडची एक जड होती, म्हणजे थोडा हात तिचाही असावा. लिंक रॉड ठीक निघाले.

दोन्ही बाजूंचे पुढचे-मागचे बुश बदलले. प्रेस होता. खूण करून घेतली. बोल्ट आवळायची वेळ आली तेव्हा मेकॅनिक गाडी वर उचललेली असतानाच कसणार होता. मी तुमचा परिच्छेद वाचून दाखवला. तो तरुण मुलगा आहे, त्याने शांतपणे ऐकलं, स्वतः टेप आणली आणि गाडी खाली घेऊन पिटमध्ये उतरून कसले. म्हणाला, असं का करायचं ते कुणी समजावून सांगितलं नव्हतं. तो कागद त्याने ठेवून घेतलाय.

अलाइनमेंट झाली. रिव्हर्समधली टक् गेली, ब्रेकवर गाडी सरळ थांबते. सासऱ्यांना घेऊन कऱ्हाडला जाऊन आले. उतारावर दोन्ही हातांनी स्टीअरिंग आवळून धरावं लागत होतं, ते यावेळी लागलं नाही.

एकच राहिलं. आतून झिजलेला टायर मागे टाकू का, की बदलू?

सतराचा पाना:

वाचून फार बरं वाटलं ताई, त्या मुलाचं विशेष.

टायरच्या खाचांमध्ये झीज दाखवणाऱ्या उंच पट्ट्या असतात. आतल्या कडेचं रबर त्या पट्टीला टेकलं असेल किंवा तारा दिसत असतील तर तो टायर कुठेच लावू नका, मागेही नाही. ओल्या घाटात मागचं चाक घसरलं तर गाडी सावरणं जास्त कठीण असतं. नवीन घ्यायचे तर जोडी घ्या आणि नवीन जोडी मागे लावा. पट्टीच्या वर अजून रबर असेल तर आहे तिथेच राहू द्या आणि पुढच्या महिन्यात परत बोट फिरवून बघा. झीज थांबलेली असली पाहिजे. चाकं काढून लावली आहेत, तेव्हा शंभरेक किलोमीटर झाले की चाकांचे नटही एकदा टॉर्क रेंचने तपासून घ्या.