मदत हवी आहे: पगार, सिम, एटीएम सगळं नवऱ्याकडे. सुरुवात कुठून करायची? (नाशिक)

मैत्रिणीसाठी विचारतेय. ती सिडकोत राहते, नोकरी सातपूरला. पगार जॉइंट खात्यात जातो, कार्ड नवऱ्याकडे, सिमही त्याच्याच नावावर. घटस्फोटाचं काही ठरलेलं नाही, पण स्वतःचा पगार तिला स्वतःच्या हातात हवा आहे. कशाआधी काय करावं?

गोदाकाठ:
आधी खातं उघडायला धावू नका, तिथेच बऱ्याच जणी अडकतात. आधी नंबर. सिम त्याच्या ओळखपत्रावर असेल तर तो कधीही डुप्लिकेट काढेल आणि सगळे ओटीपी त्याच्याकडे जातील. तिच्या आधारवर नवं सिम घ्या, मग आधार केंद्रात तो नंबर जोडा. जुना नंबर लागत नाही, पण तिला स्वतः जावं लागेल.

मग खातं, तेही दुसऱ्याच बँकेत. त्याच बँकेत उघडलं तर तिचा कस्टमर आयडी सहसा तोच राहतो आणि तिचं लॉगिन त्याच्या फोनवर असेल तर नवं खातंही त्याला ॲपमध्ये दिसू लागतं. फॉर्मवर पत्रव्यवहाराचा पत्ता माहेरचा लिहा, नाहीतर एटीएम कार्डाचं पाकीट सासरी पोचेल. शाखेत हातोहात मिळणारं बिननावाचं कार्ड असेल तर तेच मागा. पॅनवर माहेरचं नाव आणि आधारवर सासरचं असेल तर अर्ज अडतो, ते आधी तपासा.

पगार वळवायचं पत्र एचआरला सगळ्यात शेवटी. पगार जमा झाला नाही की त्याच दिवशी घरात कळणार. तो दिवस फार नाजूक. त्याआधी मूळ कागदपत्रं विश्वासाच्या घरी गेलेली हवीत.

रानजाई:
हे सगळं तिच्या फोनवर शोधू नका. व्हॉट्सॲपचे 'लिंक्ड डिव्हाइसेस' आणि मॅप्सचं लोकेशन शेअरिंग तपासा, पण लगेच बंद करू नका, संशय येतो.

पगार काढून घेणं हा २००५च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्यात आर्थिक छळ आहे. घटस्फोट न मागताही अर्ज करता येतो. घर कोणाच्याही नावावर असो, कलम १७ प्रमाणे तिला तिथे राहायचा हक्क आहे. सीबीएस बसस्थानकाजवळ जिल्हा न्यायालयात विधी सेवा प्राधिकरणाकडे जा, वकील मोफत मिळतो, बाईला उत्पन्नाची अट नाही. अंगावर हात उचलला तर ११२, सल्ल्यासाठी १८१.

धागाकर्ती:
दागिने सासूबाईंच्या लॉकरमध्ये आहेत, त्यांचं काय?

रानजाई:
ते तिचं स्त्रीधन. वस्तू, वजन, कोणी दिली अशी यादी करा, सोबत सराफाची बिलं आणि लग्नाच्या अल्बममधले दागिने दिसणारे फोटो. कलम १९(८) खाली न्यायदंडाधिकारी ते परत द्यायचा आदेश देऊ शकतात.