डॉर्सेट रेजिमेंटच्या आठवणीचं आपल्याला काय?

कृष्णाकाठ:
इंग्लंडातल्या डॉर्सेट परगण्याची एक पायदळ रेजिमेंट होती. १८८१ ला जुन्या ३९व्या आणि ५४व्या पलटणी जोडून बनवलेली, १९५८ ला शेजारच्या डेव्हनशरमधे विलीन, २००७ ला ती जोडपलटण पण 'द रायफल्स' या नव्या रेजिमेंटमधे गेली. म्हणजे नाव संपलं, पण डॉर्चेस्टरला त्यांच्या जुन्या बराकीच्या देवडीत म्युझियम आहे आणि लोक अजून आठवण ठेवतात.

विषय काढायचं कारण म्हणजे १९१४ ला तिची दुसरी बटालियन पुण्यात होती, पूना डिव्हिजनमधून मेसोपोटेमियाला (आजचा इराक) तुर्कांशी लढायला गेली आणि त्याच ब्रिगेडमधे ११७वी मराठा पलटण होती. एप्रिल १९१५ ला बसऱ्याजवळची शैबाची लढाई दोघांनी मिळून मारली. मग तैग्रिस नदीवरचं कूत. तिथे तुर्कांचा १४७ दिवस वेढा, शेवटी घोडे कापून खाल्ले, आपल्या कितीतरी शिपायांनी धर्मापायी आधी तेही नाकारलं, आणि २९ एप्रिल १९१६ ला शरणागती. १३ हजाराच्या आसपास कैदी, त्यांना वाळवंटातून चालवत नेलं. डॉर्सेटचे साडेतीनशेक होते, परत आले सत्तरेक. त्यांचे सेनापती जनरल टाउनशेंड साहेब मात्र इस्तंबूलजवळच्या बेटावर मजेत. मला वाटतं ही आठवण परकी म्हणून झटकू नये, आपल्याच माणसांची निम्मी गोष्ट त्यात आहे. काय म्हणता?

तोफखाना:
उरलेली निम्मी मी सांगतो. त्यांचं ब्रीद 'प्रायमस इन इंडिस', म्हणजे हिंदुस्थानात उतरलेली पहिली राजाची (कंपनीची नव्हे) पलटण, १७५४ साली. प्लासीला हजर. २९ डिसेंबर १८४३ ला ग्वाल्हेरजवळ महाराजपूरला शिंद्यांच्या फौजेवर हीच ३९वी चालून गेली आणि तो युद्धसन्मान म्हणून मिरवला. जिंकलेल्या तोफा वितळवून त्याच धातूची पदकं केली आणि सैनिकांच्या छातीवर लावली. आपल्या तोफा राव! आता आपण त्यांचे दिवस घालायचे का?

कृष्णाकाठ:
दिवस घाला असं कुठे म्हटलंय भाऊ. १८४३ चा हिशोब १९१६ ला वाळवंटात उपाशी चालवत नेलेल्या शिपायाकडून वसूल करणार का? आणि शिंद्यांच्या त्या फौजेत तरी सगळे मराठे कुठे होते, हिंदुस्तानी शिपाईच जास्त.

मीनल_डोंबिवली:
तुम्ही दोघं भलतीकडेच भांडताय. इराकमधलं बसरा मेमोरियल बघा, पहिल्या महायुद्धात तिकडे मेलेल्यांचं स्मारक, १९२९ चं. डॉर्सेटच्या साध्या शिपायाचंही नाव आहे तिथे. भारतीय शिपायांचं काय, तर अधिकाऱ्यांची नावं आणि बाकीच्यांचा नुसता आकडा. एकाच खंदकात मेलेली माणसं, एकाला नाव आणि दुसऱ्याची मोजदाद. २०२१ ला अशी स्मारकं सांभाळणाऱ्या कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्हज कमिशनने स्वतःच अहवाल काढून हा भेदभाव मान्य केला, माफी पण मागितली. आपल्याकडे गावोगावी संगमरवरी पाट्या आहेत ना, या गावातून इतके लढाईवर गेले, इतके मेले, त्यातलाच प्रकार. आमच्या आजोळी तशी पाटी आहे, तिला टेकून सायकली लावतात.

तोफखाना:
मग मी वेगळं काय म्हणतोय? ज्यांना आधीच नाव मिळालंय त्यांच्यासाठी आपण कशाला गळे काढायचे.

वाचनवेडा:
एक शंका, ही परगण्याची रेजिमेंट वगैरे पण थोडा देखावाच ना? सरकारने भरतीच्या सोयीसाठी नकाशावर रेघा मारल्या, आणि युद्धात माणसं कमी पडली की कुठूनही आणून भरली. कूतच्या सुटकेसाठी निघालेल्या फौजेत तर नॉरफोक आणि डॉर्सेटच्या नव्या भरतीची खिचडी करून एकच बटालियन उभी केली, तिला 'नॉरसेट' म्हणायचे.

कृष्णाकाठ:
सुरुवात सोयीची असेल, पण डेपो त्याच गावात, चर्चमधे पाट्या त्याच आडनावांच्या, त्यामुळे पलटण मोडली तरी सांभाळायला गाव उरलं. आपलं उलटं झालंय. ११७वीचा वारसा मराठा लाइट इन्फंट्रीत चालू आहे, बेळगावला सेंटर आहे, पण कूत म्हटलं तर साताऱ्यातली चार घरं तरी सांगू शकतील का की आमचा पणजा तिथे होता? डॉर्सेटवाल्यांकडून हे सांभाळणं शिकण्यासारखं आहे, प्रेम करा म्हणत नाही.

तोफखाना:
नावच कोरलं नाही तर घरच्यांनी सांभाळायचं काय? आकडा?

मीनल_डोंबिवली:
बरोबर. आणि तेव्हा शक्य नव्हतं हे पण कोणी सांगू नका. हीच दुसरी डॉर्सेट १९४४ ला नागालँडमधल्या कोहिमाला होती, डेप्युटी कमिशनरच्या बंगल्याच्या टेनिस कोर्टसाठी जपान्यांशी लढली. तिथल्या युद्धस्मशानात दहन झालेल्या ९१७ हिंदू आणि शीख सैनिकांचं वेगळं स्मारक आहे, नावानिशी. मग बसऱ्यालाच का जमलं नाही?

वाचनवेडा:
तिथे नावं आता घातली तरी बघायला कोण जाणार, सद्दामने १९९७ ला अख्खं स्मारक उचलून नासिरियाच्या रस्त्याला वाळवंटात नेऊन ठेवलंय.

तोफखाना:
कोणी जाओ न जाओ, घाला. डॉर्सेटच्या नावांपुढे तरी कुठे रांगा लागल्यात.