'अग्रमानांकित' एकाहून अधिक असू शकतात का?

पाटीपेन्सिल :
अमेरिकेत, त्यातही इंडियाना राज्यात राहणाऱ्या माणसाची मार्च महिन्यात बास्केटबॉलपासून सुटका नसते. आमच्या मराठी मंडळाच्या त्रैमासिकासाठी मी महाविद्यालयीन बास्केटबॉलच्या राष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धेची, म्हणजे एनसीएए या अमेरिकी महाविद्यालयीन क्रीडासंस्थेच्या स्पर्धेची, रचना समजावून सांगणारा लेख लिहिला. त्यात 'सन 2025 मध्ये पुरुषांच्या स्पर्धेत चारही अग्रमानांकित संघ उपांत्य फेरीत पोहोचले. असे यापूर्वी केवळ 2008 मध्ये घडले होते' असे एक वाक्य होते. आमचे संपादक काका पूर्वी पुण्यात बॅडमिंटनचे पंच होते. त्यांनी 'चारही' या शब्दाखाली लाल रेघ ओढली आणि समासात लिहिले, 'अग्रमानांकित एकच असतो.'

अडचण अशी आहे की या स्पर्धेत मुख्य फेरीच्या 64 जागा चार भागांत वाटलेल्या असतात आणि प्रत्येक भागाला 1 ते 16 असे स्वतःचे मानांकन, म्हणजे बळानुसार दिलेले क्रमांक, असते. त्यामुळे क्रमांक एकचे संघ चार असतात, क्रमांक दोनचेही चार असतात, आणि यात कोणालाही वावगे वाटत नाही. आता या चौघांना मराठीत काय म्हणावे?

उपधा :
संपादकांचे म्हणणे योग्य आहे. 'अग्र' म्हणजे टोक, शेंडा. आणि शेंडा एकच असतो. राजसूय यज्ञात अग्रपूजेचा मान एकट्या कृष्णाला मिळाला म्हणूनच शिशुपालाचा संताप झाला. मान चौघांत वाटता आला असता तर ते प्रकरण त्या थराला गेलेच नसते. 'चार अग्रमानांकित' हा वदतोव्याघात आहे. आपण 'प्रथमांकित' हा शब्द वापरावा.

बोरूबहाद्दर :
वृत्तपत्राच्या क्रीडापानावर काही वर्षे घालवलेला माणूस म्हणून सांगतो की 'प्रथमांकित' वाचून वाचकाला शाळेतील बक्षीससमारंभ आठवेल. आमच्याकडे अशा वेळी 'अव्वल मानांकित' लिहीत असू आणि त्याला अनेकवचनाची अडचण नाही. तहसील कचेरीत जाऊन पाहा. एकाच कचेरीत अनेक अव्वल कारकून असतात आणि त्यांपैकी कोणीही स्वतःला दुय्यम समजत नाही.

शिवाय त्या स्पर्धेत 'अग्र' शब्दासाठी वेगळी जागा आहेच. निवड समिती सर्व 68 संघांची (त्यांतील आठ संघ मुख्य फेरीपूर्वी चार जागांसाठी खेळतात) एक सलग यादीही करते आणि तिच्या शिरोभागी असलेल्या संघाला 2004 पासून सर्वांत वरचा मानांकित संघ म्हणून जाहीर करते. सन 2025 मध्ये तो मान ऑबर्नचा होता. तेव्हा ऑबर्न अग्रमानांकित, आणि ऑबर्नसह ड्यूक, ह्यूस्टन व फ्लोरिडा हे चौघे अव्वल मानांकित. माझ्या मते प्रश्न मिटला.

उपधा :
मिटलेला नाही. 'अव्वल' हा अरबी शब्द असून त्याचाही अर्थ 'पहिला' असाच आहे. परक्या भाषेतून शब्द घ्यायचा आणि त्याचा अर्थ आपल्याला सोयीचा करून घ्यायचा, ही कोणती रीत?

बोरूबहाद्दर :
हीच रीत आहे. शब्द एकदा घरात आला की तो घरचे नियम पाळतो, बाहेरचे नाही.

तिफण :
'मानांकित'साठीच्या मूळ इंग्रजी शब्दाकडे कोणीच पाहत नाही, याचे आश्चर्य वाटते. 'सीड' म्हणजे बियाणे. बी एकाच जागी टाकले तर दाटी होते, म्हणून आपण अंतर राखून पेरतो. तसेच बलाढ्य संघ एकमेकांच्या शेजारी पडू नयेत म्हणून त्यांना तक्त्यात दूरदूर पेरतात. प्रत्येक भागात 1 विरुद्ध 16, 2 विरुद्ध 15 असे करत 8 विरुद्ध 9 अशा जोड्या लागतात आणि प्रत्येक जोडीची बेरीज 17 भरते. सगळे निकाल क्रमांकांप्रमाणे लागले तर 1 आणि 2 यांची गाठ त्या भागाच्या शेवटच्या सामन्यातच पडते. ही शुद्ध पेरणी आहे. 'मानांकन' या शब्दात केवळ मान दिसतो, अंतर दिसत नाही. 'पेरलेला संघ' म्हणण्यास काय हरकत आहे?

बोरूबहाद्दर :
हरकत एवढीच की मराठीत 'माणसे पेरणे' याचा अर्थ वेगळा आहे. 'समितीने ड्यूक पूर्वेला पेरला' असे छापले तर दुसऱ्या दिवशी वाचकांची पत्रे येतील. आणि मानांकनाला धक्का बसला की आपण 'सनसनाटी निकाल' म्हणतो. त्याऐवजी काय, 'पेरणी वाया गेली' म्हणायचे? सन 2018 मध्ये सोळाव्या मानांकनाच्या संघाने प्रथमच पहिल्या मानांकनाच्या संघाला हरवले, तेव्हा मेरीलँडच्या बाल्टिमोर काउंटीतील विद्यापीठाने व्हर्जिनियाला 74-54 असे नमवले होते. दुबार पेरणीचे संकट व्हर्जिनियावर आले नाही. पुढच्याच वर्षी तो संघ विजेता ठरला.

सायली_आणि_सोनचाफा :
'प्रथमच' हा शब्द मागे घ्यावा. महिलांच्या स्पर्धेत हे 20 वर्षे आधी, 1998 मध्ये घडले आहे; सोळाव्या मानांकनाच्या हार्वर्डने पहिल्या मानांकनाच्या स्टॅनफर्डला 71-67 असे हरवले, तेही स्टॅनफर्डच्याच मैदानावर. आपण 'पुरुषांच्या स्पर्धेत' हे दोन शब्द गाळता आणि इतिहास 20 वर्षांनी पुढे सरकतो.

'मानांकन' शब्दाबद्दलही सांगते. महिलांच्या स्पर्धेत प्रत्येक भागातील वरच्या चार संघांना, म्हणजे एकूण 16 संघांना, पहिल्या दोन फेऱ्यांचे यजमानपद मिळते. तेथे क्रमांकाबरोबर प्रत्यक्ष मानही पदरात पडतो, त्यामुळे 'मानांकन' हा शब्द मला तरी पुरेसा वाटतो.

बोरूबहाद्दर :
मागे घेतला. पानावर असतो तर दुरुस्ती छापली असती.

पाटीपेन्सिल :
पेरणीबद्दल आभार, पण संपादक काकांना हा शब्द सांगण्याचे धाडस माझ्यात नाही. मूळ प्रश्न चार संघांना काय म्हणावे हा आहे.

कोर्टाबाहेर :
मी पश्चिम विभागीय आंतरविद्यापीठ स्पर्धेत खेळलेलो आहे, त्यामुळे मला मूळ लेखातील दुसराच शब्द खुपेल असे वाटते. त्या चार भागांना आपण 'विभाग' म्हटले असणार. आपल्याकडे विभाग हा भूगोल असतो. पश्चिम विभागात पश्चिमेकडील विद्यापीठे खेळतात, प्रत्येक विभागातील पहिले चार संघ आंतरविभागीय स्पर्धेला जातात, आणि गुजरातच्या संघाला कोणी दक्षिण विभागात ढकलत नाही. एनसीएएच्या स्पर्धेत मात्र पूर्व, पश्चिम, दक्षिण आणि मध्यपश्चिम ही नावे केवळ त्या भागाचे अखेरचे सामने कोठे होतात यावरून पडलेली असतात. सन 2025 चा विजेता फ्लोरिडा हा संघ देशाच्या आग्नेय टोकाचा, आणि त्याची मांडणी झाली 'पश्चिम' भागात. त्या भागाचे अखेरचे सामने सॅन फ्रान्सिस्कोला झाले. 'पश्चिम विभागाचा विजेता फ्लोरिडा' हे वाक्य मराठी वाचकाला चूकच वाटेल.

उपधा :
मग 'गट' म्हणा.

कोर्टाबाहेर :
'गट' म्हटले की साखळी सामने आलेच, आणि येथे साखळी नावालाही नाही. एक पराभव झाला की संघ घरी जातो.

तिफण :
भाकरीचे चार भाग केले की एकाला आमच्याकडे 'चतकोर' म्हणतात. पूर्ण तक्त्याचा पाव हिस्सा तो चतकोर. ना भूगोल, ना साखळी.

सायली_आणि_सोनचाफा :
'चतकोर विजेता' या पदवीची कल्पना करून मला हसू आवरत नाही, पण अर्थाच्या दृष्टीने या चर्चेत सुचवलेला सर्वांत अचूक शब्द हाच आहे.

बोरूबहाद्दर :
'विभाग' शब्दाची बाजू कोणीतरी घ्यावी म्हणून लिहितो. महाराष्ट्र केसरीत माती विभाग आणि गादी विभाग असतात, दोन्ही विभागांचे विजेते शेवटी किताबासाठी लढतात, आणि तेथे विभागाचा भूगोलाशी काहीही संबंध नाही. आणि ही अमेरिकी स्पर्धा 1939 मध्ये सुरू झाली तेव्हा संघ आठच होते. पूर्वेचे चार, पश्चिमेचे चार. अंतिम सामन्यात पश्चिमेच्या ओरेगनने पूर्वेच्या ओहायो स्टेटला हरवले. त्या वेळी 'विभाग' हा शब्द अक्षरशः खरा होता. पुढे संघ वाढत गेले, 1985 मध्ये 64 झाले, नावे तेवढी राहिली. विद्यापीठांच्या ज्या साखळ्यांमधून ('कॉन्फरन्स') हे संघ येतात त्यांचेही तेच आहे. 2024 पासून बिग टेन, म्हणजे नावाने दहांच्या, साखळीत 18 विद्यापीठे आहेत आणि अटलांटिक किनाऱ्याच्या नावाने चालणाऱ्या साखळीत स्टॅनफर्डचा समावेश झाला आहे, जे पॅसिफिकच्या बाजूला आहे. नाव सोनुबाई आणि हाती कथलाचा वाळा. मूळ नावच खोटे असेल तर अनुवादकाने ते खरे करून का द्यावे?

कोर्टाबाहेर :
हा मुद्दा मान्य आहे. परंतु मग संपूर्ण तक्त्याला काय म्हणावे? आमच्या वेळी स्पर्धेपूर्वी 'भाग्यपत्रिका' काढत. चिठ्ठ्या टाकल्या जात आणि ज्याच्या नशिबी जो संघ येई त्याच्याशी तो खेळे. अमेरिकेत चिठ्ठी कोठेच नाही. 2025 मध्ये 31 संघ आपापल्या साखळीचे विजेते म्हणून आले आणि उरलेले 37 समितीने निवडले. कोणी कोणाशी आणि कोणत्या शहरात खेळायचे तेही समितीनेच ठरवले. तेथे भाग्याला वाव असेल तर तो समितीच्या बैठकीबाहेर ताटकळणाऱ्यांच्या भाग्याला. तक्त्यासाठीच्या 'ब्रॅकेट' या इंग्रजी शब्दाचा सरळ अनुवाद 'कंस' होतो, पण 'यंदाचा कंस जाहीर झाला' हे वाचून मथुरेत घबराट पसरेल.

उपधा :
'सामनावली' असा शब्द घडवता येईल. नामावली, प्रश्नावली, तशी सामनावली.

तिफण :
तो तक्ता नीट पाहिला तर उलटी वंशावळ आहे. वंशावळीत एकापासून अनेक होतात, येथे अनेकांतून एक उरतो.

पाटीपेन्सिल :
या निमित्ताने माझीही एक शंका विचारतो. डेटन शहरात सुरुवातीला जे चार सामने होतात, त्यांत न खेळणाऱ्या 60 संघांना 'पुढे चाल', म्हणजे न खेळता पुढील फेरीत प्रवेश, मिळाली असे म्हणावे का?

कोर्टाबाहेर :
क्रीडाशिक्षकाच्या सूत्राने पाहा. 68 च्या पुढील दोनाचा घात 128, त्यातून 68 वजा केले की 60 उरतात. म्हणजे 60 संघांना पुढे चाल मिळाली. पण सूत्राप्रमाणे पुढे चाल वरच्या मानांकितांना मिळायला हवी, आणि येथे तसे नाही. डेटनला निम्मे संघ सोळाव्या मानांकनाचे असतात, तर निम्मे समितीने अगदी शेवटी निवडलेले, बहुधा अकराव्या मानांकनाच्या आसपासचे. म्हणजे पंधराव्या मानांकनाचा संघ निवांत बसतो आणि अकराव्यातले काही खेळतात.

खुद्द अमेरिकेतही हा घोळ झालेला आहे. 2011 मध्ये हे चार सामने सुरू झाले तेव्हा त्यांना अधिकृतपणे 'पहिली फेरी' म्हटले गेले आणि 64 संघांच्या फेरीला 'दुसरी'. त्या हिशेबाने 60 संघांना पुढे चाल होतीच. लोकांना ते पचले नाही, आणि 2016 पासून 64 संघांची फेरी पुन्हा 'पहिली' झाली.

बोरूबहाद्दर :
'पुढे चाल' हा शब्द मी प्रतिस्पर्धी हजरच नसेल त्या प्रसंगासाठी राखून ठेवीन. सन 2021 मध्ये सर्व सामने इंडियानात झाले, तेव्हा करोनाच्या चाचण्यांमुळे व्हर्जिनिया कॉमनवेल्थ विद्यापीठाला माघार घ्यावी लागली आणि ओरेगन न खेळता दुसऱ्या फेरीत गेला. पुढे चाल म्हणतात ती ही.

कोर्टाबाहेर :
प्रतिस्पर्धी असून न येणे आणि मुळात प्रतिस्पर्धीच नसणे या दोन्हींना आम्ही 'पुढे चाल' हेच म्हणत आलो आहोत. दोन्ही वेळी पंच एकच वाक्य उच्चारतो.

पाटीपेन्सिल :
काल संपादक काकांशी फोनवर बोललो. 'अव्वल मानांकित' त्यांनी विनातक्रार मान्य केले. त्यांचे वडील महसूल खात्यात अव्वल कारकून होते असे कळले. परंतु लेखातील 'विभाग' सर्वत्र खोडून त्यांनी 'गट' केले आहे, आणि समासात नवी टीप आहे : 'गटातील साखळी सामन्यांचे वेळापत्रक लेखात दिसत नाही, ते जोडावे.'

तिफण :
चतकोर.

उपधा :
'अव्वल'बद्दलची माझी हरकत कायम आहे, तिची नोंद असावी.